फुटक्या गेमपॅडचा वी यू

आमचं सांगलीत मोटर वाइंडिंगचं दुकान आहे. विहिरीतल्या सबमर्सिबल, गिरणीच्या मोटारी, उन्हाळा लागला की कूलरचे पंखे. व्हिडिओ गेमशी माझा संबंध शून्य. गेल्या मे महिन्यात धाकटी बहीण न्यू जर्सीहून दोन्ही पोरांना घेऊन आली आणि तिच्या बॅगेतून टॉवेलात गुंडाळलेला एक काळा डबा निघाला. निन्टेंडोचा वी यू, टीव्हीला जोडून गेम खेळायचं यंत्र. तिच्या पोरांकडे आता नवं यंत्र आहे, मग हे फेकायचं कशाला, सांगलीतल्या पोरांना होईल, असा तिचा हिशोब.

डबा धडधाकट होता. त्याचा गेमपॅड, म्हणजे मधोमध पडदा असलेलं ते मोठं कंट्रोलर, बदामाची पाकिटं आणि शाम्पूच्या बाटल्या यांच्यामध्ये चेपून आला होता. पडद्यावर कोपऱ्यापासून कोपऱ्यापर्यंत तडा. चार्जरला लावला, दिवाही लागला नाही. अकरा वर्षांचा भाचा म्हणाला, "मामा, आता हे चालणारच नाही."

चाललं. त्यासाठी काय केलं ते इथे लिहितो, कारण परदेशातून आलेले असे डबे बऱ्याच घरांत माळ्यावर पडून असणार, आणि गेमपॅड हरवला किंवा फुटला म्हणून लोक ते भंगारात देत असणार.

पण पोरांच्या आधी विजेचं बघा. सगळ्यात मोठा धोका तिथे आहे आणि त्याचं कुणी नाव घेत नाही. अमेरिकेतल्या वी यूचा अडॅप्टर उलटा करून वाचा. इनपुट १२० व्होल्ट, ६० हर्ट्झ. आउटपुट १५ व्होल्ट डीसी, ५ अँपिअर. मोबाइलच्या चार्जरवर १०० ते २४० असं लिहिलेलं असतं, तो कुठेही चालतो. हा तसला नाही. आपल्या २३० व्होल्टच्या प्लगात घातला की संपला. चपट्या पिनेची गोल पीन करून देणारा जो छोटा जोड मिळतो तो फक्त पीन बदलतो, व्होल्टेज तेवढंच राहतं. दुकानात रडवेल्या चेहऱ्याने येणाऱ्यांपैकी निम्मे त्या जोडावर भरवसा ठेवून आलेले असतात.

लागतो तो स्टेप-डाउन ट्रान्सफॉर्मर, २३० चे ११० करणारा. अडॅप्टर जास्तीत जास्त ७५ वॉट देतो, त्यामुळे २०० व्हीएचा (व्होल्ट-अँपिअर, ट्रान्सफॉर्मरची ताकद त्यात मोजतात) ट्रान्सफॉर्मर आरामात पुरतो. मी घरच्याघरी गुंडाळला, तुम्ही इलेक्ट्रिकलच्या दुकानातून तयार घ्या. फक्त तांब्याच्या वाइंडिंगचा घ्या, आणि हातात धरून बघा, वजनदार लागला पाहिजे. प्रवासात हेअर ड्रायरसाठी वापरतात तो हलका कन्व्हर्टर इथे नको. तो विजेची लाट कापून व्होल्टेज कमी करतो. ड्रायरच्या तारेला त्याचं काही वाटत नाही, पण इलेक्ट्रॉनिक्सला ते सोसत नाही. आपल्याकडे ५० हर्ट्झ आहे म्हणून घाबरू नका. अडॅप्टर आत सगळं डीसी करून घेतो, आमचा दोन महिने बिनतक्रार चालला आहे.

आता गेमपॅडकडे. मी तो उघडून बघितला, कारण उघडून बघितल्याशिवाय मला झोप लागत नाही. आत गेम चालवणारं काही नाहीच. सहा पूर्णांक दोन इंची पडदा, ८५४ बाय ४८० ठिपक्यांचा, बॅटरी, बटणं, आणि वायरलेसचा भाग. गेम चालतो तो डब्यात. डबा चित्र तयार करतो आणि ५ गिगाहर्ट्झच्या लहरींवरून गेमपॅडकडे पाठवतो, आणि गेमपॅड बटणं दाबल्याचं परत कळवतो. म्हणजे गेमपॅड मेला तरी यंत्राचा जीव कुठे जात नाही. जातो तो एका दाराचा दारवान. काही दारं मात्र तोच उघडतो, आणि ती कोणती हे आधी माहीत असलेलं बरं.

पहिलं दार पहिल्यांदा सुरू करतानाच्या मांडणीचं. कोरा डबा, किंवा कुणी सगळं पुसून फॅक्टरीसारखा केलेला डबा, गेमपॅडशिवाय पुढे सरकत नाही. दुसरं दार सिस्टिम सेटिंग्जचं. वाय-फाय बदलणं, पालकांचं कुलूप काढणं, डबा पुसणं, हे सगळं त्या दाराच्या आत. कुठलाही दुसरा रिमोट तिथे घेत नाहीत. तिसरं दार म्हणजे गेमपॅडसाठीच बनवलेले काही गेम. त्यांच्याकडे पुढे येतो.

यावरून एक गोष्ट निघते. तिकडून कुणी तुम्हाला असा डबा देणार असेल तर त्यांना फोन करून सांगा: पुसू नका. माणसं चांगुलपणाने आपली माहिती पुसून स्वच्छ डबा देतात, आणि त्याच्यासोबत गेमपॅड नसेल तर तुमच्या हातात येते ती पाटी-पेन्सिल नसलेली शाळा. त्यांचं खातं काढायचं असेल तर तेवढंच काढू द्या, आणि पालकांचं कुलूप असेल तर ते उघडून द्या म्हणावं. माझ्या बहिणीने काहीच केलं नव्हतं, आळसाने. तो आळस आमच्या पथ्यावर पडला.

रिमोट जोडायचा कसा

वी यूच्या आधी आलेल्या जुन्या वी यंत्राचा पांढरा लांबट रिमोट, तोच वी यूलाही चालतो. बहिणीच्या बॅगेत दोन होते, आणि एक प्रो कंट्रोलर. प्रो कंट्रोलर म्हणजे दोन हातांत धरायचा नेहमीचा, त्याची बॅटरी एकदा भरली की कंपनीच्या म्हणण्यानुसार ८० तास जाते. तो मिनी यूएसबीवर चार्ज होतो. मायक्रो नाही, मिनी. जुन्या कॅमेऱ्यांना असायची ती केबल. आमच्याकडे कपाटातल्या केबलींच्या गुंत्यात सापडली, त्या गुंत्यावरून बायकोचं रोज बोलणं खातो ते त्या दिवशी वसूल झालं.

टीव्हीला एचडीएमआय लावा, डब्याचं पॉवर बटण दाबा, टीव्हीवर चित्र येईपर्यंत थांबा. गेमपॅड सापडला नाही म्हणून डबा अडून बसत नाही. मग डब्याच्या पुढच्या बाजूचं सिंकचं छोटं बटण एकदा दाबा. टीव्हीवर जोडणीचा पडदा येतो. रिमोटचं बॅटरीचं झाकण काढा, आत सेलांशेजारी लाल बटण आहे, ते दाबा. रिमोटवरचे चार निळे दिवे लुकलुकतात आणि मग एकच स्थिर राहतो. झालं. प्रो कंट्रोलरचंही तसंच, त्याचं स्वतःचं सिंकचं बटण आहे.

घाईत सिंकचं बटण दोनदा दाबलंत तर टीव्हीवर पत्त्यांची चार चिन्हं येतील. इस्पिक, बदाम असं काहीतरी. तो गेमपॅड जोडायचा पडदा आहे. आम्ही पहिल्यांदा तिथेच अडकलो आणि ही चिन्हं रिमोटने कुठे भरायची म्हणून अर्धा तास शोधत बसलो. तिथून बाहेर या आणि एकदाच दाबा.

एकदा जोडला की पुढच्या वेळी रिमोटच्याच पॉवर बटणाने डबा सुरू होतो, उठायला लागत नाही.

टीव्हीवर चौकोनी चित्रांच्या मेन्यूऐवजी छोट्या छोट्या बाहुल्यांची गर्दी दिसली तर गोंधळू नका. ते बाहुल्यांचं मैदान टीव्हीवर आणि मेन्यू गेमपॅडवर, अशी मूळची वाटणी आहे, आणि दोन्ही पडद्यांची अदलाबदल करता येते. घातलेल्या डिस्कचं चित्र मेन्यूत पहिलंच असतं.

रिमोटला सेल चांगले घ्या. पोरं खेळून झालं की रिमोट सोफ्यात टाकतात, सेल पावसाळ्यात पाझरतात आणि आतली स्प्रिंग हिरवी पडते. तशी पडली असेल तर लिंबाचा रस लावलेल्या कापसाने पुसून, मग स्पिरिटने पुसून वाळवा. दुकानात मी हेच करतो.

निरांजनं

आता मजेचा भाग. रिमोट टीव्हीकडे रोखून पडद्यावर हाताचं एक चित्र फिरवता येतं, त्यासाठी टीव्हीखाली सेन्सर बार नावाची एक काळी पट्टी ठेवायची असते. बहिणीने ती आणलीच नव्हती. मग भाचा पुन्हा हिरमुसला.

नावाला सेन्सर, पण त्या पट्टीला काही कळत नाही. तिच्यात दोन्ही टोकांना इन्फ्रारेड दिवे आहेत, एवढंच. डब्याशी ती काही बोलत नाही, डब्याकडून फक्त वीज घेते. डोळा रिमोटच्या तोंडाशी आहे, तिथे एक छोटा कॅमेरा आहे. त्याला दोन तेजस्वी ठिपके दिसले की ते कुठे दिसतात त्यावरून रिमोट कुठे रोखलाय ते काढलं जातं. म्हणजे कॅमेऱ्याला हवेत फक्त दोन इन्फ्रारेड ठिपके. आणि इन्फ्रारेड म्हणजे उष्णतेचा उजेड. ज्योतीत तो भरपूर असतो.

मी देवघरातून दोन निरांजनं आणली. आई ओरडली, पण तिला म्हटलं पाच मिनिटं दे. टीव्हीच्या खाली टेबलावर वीतभर अंतरावर, वीस सेंटिमीटरच्या आसपास, लावली. दिवे मालवले. आणि पडद्यावर हाताचं चित्र उमटलं, रिमोट हलेल तसं हललं. भाच्याने केवढी आरोळी मारली. शेजारचे बघायला आले, काय देवाचं चालू आहे वाटलं त्यांना.

निरांजनांनी दाखवायचं तेवढं दाखवलं, रोज मात्र तसं खेळू नका. पोरं हात हवेत फिरवतात, खिडक्यांना पडदे असतात, एखादा रिमोट सुटतो. मेणबत्त्याही चालतात आणि धोका तोच. मी दुसऱ्या दिवशी टीव्हीच्या रिमोटमधल्यासारखे चार इन्फ्रारेड एलईडी घेऊन, पट्टीच्या दोन्ही टोकांना दोन दोन बसवून, रेझिस्टर घालून जुन्या मोबाइल चार्जरवर चालवले. सोल्डरिंग येत असेल तर पंधरा मिनिटांचं काम आहे. येत नसेल तर यूएसबीवर चालणारी तयार पट्टी मिळते. जुनी पट्टी असेल आणि चालते की नाही कळत नसेल, तर मोबाइलच्या सेल्फी कॅमेऱ्यातून तिच्याकडे बघा. टोकांना जांभळट उजेड दिसला तर पट्टी जिवंत आहे. टीव्हीचा रिमोट बंद पडला की गिऱ्हाईकासमोर मी हेच करून दाखवतो, आणि बहुतेक वेळा सेलच संपलेले असतात.

खिडकीतून थेट ऊन येत असेल तर रिमोट वेडावतो, कारण सूर्य हा तिसरा ठिपका होतो. पडदा ओढा.

काय खेळता येतं

गेमच्या पेटीच्या मागे कंट्रोलरची छोटी चित्रं असतात, कोणत्याने खेळता येतं त्याची. गेम घेण्याआधी तेवढं बघा. आमच्याकडे आलेल्यांपैकी मारिओ कार्ट ८ रिमोट आडवा धरून मस्त चालतो, प्रो कंट्रोलरनेही. न्यू सुपर मारिओ ब्रदर्स यू हा २०१२ चा, वी यूसोबतच आलेला गेम, तोही आडव्या रिमोटवर. झेल्डाच्या मालिकेतला २०१७ चा ब्रेथ ऑफ द वाइल्ड प्रो कंट्रोलरवर सगळा खेळता येतो. निन्टेंडो लँड नावाची डिस्क मात्र बाजूला ठेवा, ती गेमपॅडचे गुण दाखवायलाच काढलेली. सुपर मारिओ मेकर आणि स्टार फॉक्स झिरोचीही तीच गत.

आमच्या घरात जिंकला तो यांतला कुठलाच नाही. जिंकलं ते वी यंत्राच्या काळातलं वी स्पोर्ट्स. वी यूच्या पोटात जुनं वी यंत्र लपलेलं आहे. मेन्यूतलं वीचं चित्र उघडा, किंवा डबा सुरू होताना नाव झळकतं तेव्हा बी बटण धरून ठेवा, की थेट वीच्या मेन्यूत जाता. तिथे गेमपॅडची आठवणही येत नाही, कारण वीला गेमपॅड नव्हताच. सगळं रिमोटवर. प्रो कंट्रोलर मात्र तिथे ओळखत नाहीत, तो ठेवून द्या. वीच्या डिस्का चालतात. त्याहून जुन्या गेमक्यूबच्या छोट्या डिस्का नाही चालत, घालून बघू नका, अडकेल.

वी स्पोर्ट्समधल्या बोलिंगला फक्त रिमोट पुरतो. आई चौऱ्याहत्तर वर्षांची आहे, निरांजनांबद्दल ओरडलेली तीच. तिने पहिल्याच दिवशी सलग दोन स्ट्राइक काढले आणि भाच्याला म्हणाली, "गोट्या खेळायचे रे मी." रिमोटचा पट्टा मनगटात घालायला लावा, म्हातारी असो की पोर. आमच्या टीव्हीला अजून तडा गेलेला नाही, एवढ्याच कारणाने.

वाय-फायची पळवाट

डिस्कवरचे गेम इंटरनेटशिवाय चालतात. निन्टेंडोचं वी यूचं ऑनलाइन दुकान २७ मार्च २०२३ ला विक्रीसाठी बंद झालं आणि ऑनलाइन खेळणं ८ एप्रिल २०२४ ला थांबलं, त्यामुळे इंटरनेटचा उपयोग उरला तो गेमच्या सुधारणा उतरवायला. पण वाय-फायचं नाव बदलायला सेटिंग्ज उघडावी लागतात, आणि ते दार बंद.

इथे भाच्याची अक्कल माझ्यापेक्षा पुढे गेली. डब्याला न्यू जर्सीच्या घरच्या वाय-फायचं नाव आणि पासवर्ड पाठ होता. भाच्याने माझ्या मोबाइलचं हॉटस्पॉट उघडलं, त्याला तेच नाव दिलं, तोच पासवर्ड दिला, कॅपिटल-स्मॉल सकट. डब्याला वाटलं आपण न्यू जर्सीतल्या एडिसनलाच आहोत, जोडला गेला. हॉटस्पॉट २.४ गिगाहर्ट्झवर ठेवा, इंटरनेटसाठी वी यूला ५ गिगाहर्ट्झ दिसत नाही. ही युक्ती डबा देणारा ओळखीचा असेल तरच चालेल, म्हणून पासवर्डही मागून घ्या.

गेमपॅड परत हवाच असेल तर

सेटिंग्जचं दार उघडायचंच असेल तर दुसरा गेमपॅड शोधावा लागतो. वी यूचं उत्पादन २०१७ मध्येच थांबलं, त्यामुळे मिळेल तो जुनाच. घेताना एक गोष्ट पक्की बघा: अमेरिकेतल्या डब्याला अमेरिकेतलाच गेमपॅड लागतो. जपानी गेमपॅड दिसायला तोच, स्वस्तही मिळेल, पण जोडला जाणार नाही. अमेरिकेचा मिळाला की डब्याचं सिंक दोनदा दाबा, टीव्हीवरची पत्त्यांची चार चिन्हं बघा, गेमपॅडच्या पाठीवरचं लाल सिंक बटण दाबून तीच चिन्हं त्याच क्रमाने भरा. गेमपॅडचा चार्जर वेगळा असतो, आणि त्याच्याही पाठीवर व्होल्टेज वाचल्याशिवाय प्लगात घालू नका.

ही पत्त्यांची भानगड मला आवडली. आत प्रत्येक चिन्हाला आकडा आहे: इस्पिक ०, बदाम १, चौकट २, किलवर ३. चार चिन्हांचे चार आकडे आणि त्यापुढे कायमचे ५६७८, असा तो आठ आकडी पासवर्ड तयार होतो. हे लोकांनी डबा आणि गेमपॅड यांच्यातलं बोलणं उलगडून शोधून काढलं. त्याच आधारावर व्हॅनिला नावाचा मोफत प्रोग्राम केला आहे, त्याने लिनक्स (विंडोजऐवजी वापरायची मोफत प्रणाली) चालणारा संगणक गेमपॅडसारखा वागतो. मात्र ५ गिगाहर्ट्झचं वाय-फाय कार्ड त्याला मानवेल असं लागतं, कुठलंही चालत नाही. भाचा जाताना दुकानातला बिलं करायचा जुना लॅपटॉप लिनक्स करून गेलाय. कार्ड कुठलं घ्यायचं ते तो तिकडून कळवणार आहे. तोवर बिलं हाताने लिहितोय.